दुसऱ्याचं वाक्य

एकांबरमला अख्खं मद्रास ओळखायचं, फक्त त्याचं नाव कुणाला ठाऊक नव्हतं. वडपळणीच्या देवळात पुजारी विभूती देता देता विचारायचा, "काय सांबशिवम, आज कुणाच्या घरात नाक खुपसलं?" भाजीवाली म्हणायची, "मामा, कढीपत्ता फुकट मागायचा तो टीव्हीत. इथं पैसे पडतील." रिक्षावाले तर त्याच्याकडून भाडं घ्यायच्या आधी मालिकेत पुढे काय होणार ते वसूल करायचे. कारण ‘पाच नंबरचं घर’ या मालिकेत तो चार नंबरात राहणारा शेजारी होता. रेल्वेतून निवृत्त झालेला आणि सकाळ-संध्याकाळ काही ना काही निमित्त काढून पाच नंबरातल्या अम्माच्या स्वयंपाकघरात उगवणारा सांबशिवम. गुरुवारी संध्याकाळी मालिका लागली की तो मागच्या दाराने आत यायचा, खांद्यावरचा पंचा झटकायचा आणि घराघरात लोक त्याने तोंड उघडायच्या आधीच हसायला लागायचे.

वास्तविक त्याच्यात बघण्यासारखं काही नव्हतं. अंगाने काटकुळा, कान मात्र दोन माणसांना पुरतील एवढे. मूळचा कांचीपुरमचा. टेलिफोन खात्यात नोकरी लागली म्हणून मद्रासला आला आणि ऑफिस सुटल्यावर वेळ घालवायला म्हणून मैलापूरच्या एका हौशी नाटक मंडळीत शिरला. तिथे त्याने पोस्टमन केला, भटजी केला, लग्नं जुळवणारा मध्यस्थ केला, बहिरा डॉक्टर केला. नायक एकदाही केला नाही. कुणी दिलाच नाही म्हणा, पण त्यानेही कधी मागितला नाही. त्याच्या बरोबरीचे दोघेतिघे सिनेमात गेले, त्यांनी बंगले बांधले. एकांबरम त्यांच्या वास्तुशांतीला जाऊन जेवून यायचा आणि घरी बायकोला सांबार कसं झालं होतं ते सांगत बसायचा.

त्याची बायको लोकनायकी तोंडाने फटकळ होती. ती म्हणायची, "आमचे हे म्हणजे जन्माचे करवले. नवरदेव दरवेळी नवा, करवला तोच."

"अगं, करवल्याला जेवण पहिल्या पंगतीत मिळतं," एकांबरम म्हणायचा, "आणि संसार करावा लागत नाही."

पण नाटकवाल्यांना एक गोष्ट ठाऊक होती. एकांबरम शेजारी उभा असला की कुणीही विनोदी वाटायचं. का, ते कुणाला सांगता यायचं नाही. एवढं मात्र सगळ्यांच्या ध्यानात आलं होतं की दुसऱ्याचं वाक्य चालू असताना एकांबरमची पापणीसुद्धा लवत नाही. तो ऐकत असायचा. नुसतं ऐकायचा. आणि प्रेक्षक त्याच्याकडे बघून ऐकायला शिकायचे.

तिलकवतीला यातलं काही ठाऊक नव्हतं, आणि ठाऊक करून घ्यायची तिची इच्छाही नव्हती. ती या मालिकेची सहाय्यक दिग्दर्शक. लिहिलेला शब्द न शब्द कॅमेऱ्यापुढे तसाच बोलला जातोय ना, हे बघणं तिचं काम, आणि ती ते फौजदारासारखं करायची. सालिग्रामममधल्या एका भाड्याच्या घरात चित्रीकरण चालायचं. त्या भागात अशी घरं ओळीने आहेत. या घरात लग्न चालू असतं, त्या घरात सुतक, आणि दोन्हीकडची माणसं एकाच टपरीवर कॉफी पितात. त्या सगळ्या घरांत कॅमेऱ्यामागे उभं राहून कुणीतरी सहाय्यक संवाद मोठ्याने वाचतो, नट ते ऐकून बोलतात, आवाज मागाहून भरला जातो. त्यात कुणाला काही वावगं वाटत नाही. मोठमोठे नट सकाळी येऊन विचारतात, "आज मी कोण आहे?" आणि कामाला लागतात.

पाच नंबरच्या घरात मात्र हे चालायचं नाही, कारण तिथे कनकांबुजम अम्मा होत्या.

अम्मा सत्तरी ओलांडलेल्या. लहानपणी परकर नेसायच्या वयात नाटक कंपनीत गेलेल्या, राण्या केलेल्या, देव्या केलेल्या, रात्र रात्र गायलेल्या. मालिकेतली आजी म्हणजे त्याच. त्यांच्या कंपनीत संवाद चुकला तर मालक वेताच्या छडीने हातावर वळ उठवायचा. मागून ओळ घेणं म्हणजे उष्टं खाणं, असं त्यांचं मत. त्यामुळे त्यांच्या प्रसंगात कुणी वाचायचं नाही, आवाजही तिथल्या तिथे घ्यायचा, असा त्यांनी पहिल्याच दिवशी दंडक घातला होता. दिग्दर्शक नटेशन त्यांना देव मानायचा. अम्माच्या एका वाक्यावर अख्खं तामिळनाडू हसतं, हे चॅनेललाही कळत होतं.

आणि अशा अम्माच्या प्रसंगात हा एकांबरम स्वतःचं काहीतरी घुसडायचा! तिलकवतीचा जळफळाट व्हायचा तो इथे. लिहिलेलं असायचं, सांबशिवम आत येतो, "नमस्कार अम्मा" म्हणतो. हा म्हणायचा, "नमस्कार अम्मा. काय सांगू, आज वांगी स्वस्त होती, पण भाजीवाला मेला उलटून बघू देईना." कुठली वांगी? कसला भाजीवाला? कागदावर काही नाही. त्यावर अम्मा त्यांचं वाक्य बोलायच्या, "जावई आणि वांगं, दोन्ही घ्यायच्या आधी उलटून बघावं," आणि सेटवरचे लोक तोंडात रुमाल कोंबून हसायचे. हसू अम्माला मिळायचं, पण वेळ या बाबाने खाल्लेला असायचा. प्रेक्षकांचीही पत्रं येऊ लागली होती. हा शेजारी अम्माला बोलूच देत नाही, मध्ये मध्ये तोंड घालतो, असली.

शेवटी तिलकवतीने नटेशनकडे तक्रार केली. "सर, दोन पानांचा प्रसंग हा चार पानांचा करतो. आपण लिहितो कशाला मग? त्यालाच सांगा, घरी बसून लिहून आण म्हणावं."

नटेशन भिडस्त माणूस. समोर बोलायची छाती नाही. त्याने पुढच्या भागात सांबशिवमला रामेश्वरमच्या यात्रेला पाठवून दिलं. सुंठीवाचून खोकला गेला.

त्या भागाचं चित्रीकरण तिलकवती पुढे जन्मभर विसरली नाही.

प्रसंग साधा होता. नात सासरी निघालेली, स्वयंपाकघरात आजीपाशी येऊन रडते, आणि आजी एक वाक्य बोलते. कॅमेरा सुरू झाला. नात रडली. अम्मा तिच्याकडे बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "हा दिवा डोळ्यांवर येतोय."

दिवा हलवला. पुन्हा नात रडली. अम्मा म्हणाल्या, "पदराची पिन टोचतेय." पिन काढली. तिसऱ्यांदा कॉफी गार होती. चौथ्यांदा अम्मांनी काहीच सबब सांगितली नाही, नुसत्या चुलीकडे बघत उभ्या राहिल्या. कॅमेरा चालूच होता. नटेशन कपाळ चोळत होता. हातात कागद धरून कॅमेऱ्यामागे उभ्या असलेल्या तिलकवतीला वाटलं, अम्मांना बरं नाहीये, मदत करावी. आणि तिच्या तोंडून वाक्यातले तीनचार शब्द बाहेर पडले.

नटेशनचा हात कपाळावरच राहिला.

अम्मा वळल्या. "कोण बोललं?"

तिलकवतीने हात वर केला. शाळेतल्या पोरीसारखा.

"साठ वर्षं झाली मला या धंद्यात," अम्मा म्हणाल्या. आवाज चढलेला नव्हता, म्हणून जास्त लागला. "मला आजवर कुणी मागून ओळ सांगितलेली नाही. इतकी का मी टाकाऊ झाले?" हात त्यांनी पदराखाली घेतला.

आणि तेवढ्यात मागचं दार वाजलं.

एकांबरमला त्या दिवशी कामच नव्हतं. पण काम नसलं तरी तो टपरीवर येऊन बसायचा आणि मागच्या अंगणात वाकून बघायचा. तो आत आला तो थेट चालू कॅमेऱ्यासमोर. लुंगी दुमडलेली, खांद्यावर पंचा, हातात कुणाची तरी उचललेली कापडी पिशवी.

"गाडी चुकली, अम्मा," तो म्हणाला. "रामेश्वरम राहिलं. आता घरी जाऊन बायकोशी भांडण. ती तरी काय करेल बिचारी! भांडायला घरात दुसरं आहे कोण?"

अम्मांच्या चेहऱ्यावर काहीतरी पेटलं. तिलकवती सहा हातांवर उभी होती, तिने ते डोळ्यांनी बघितलं. अम्मा नातीकडे वळल्या, तिच्या गालावरून बोटं फिरवली आणि म्हणाल्या, "पोरगी सासरी गेली की आई रडते ना, ती पोरीसाठी नव्हे गं बाई. आता भांडायला घरात उरला कोण, नुसता नवरा!"

दिवे धरणारी पोरं खदखदली. नटेशनने हवेत मूठ मारली. एकांबरम पिशवी छातीशी धरून उभा होता, पापणी न हलवता, आणि हसू पूर्ण विरेपर्यंत त्याने श्वाससुद्धा घेतला नाही. मग म्हणाला, "मी निघतो. नुसता नवरा आहे मी," आणि दाराबाहेर गेला.

तिलकवती हातातल्या कागदाकडे बघत होती. भांडायला. घरात. कोण. तिने मघाशी जे शब्द मोठ्याने सांगून अम्मांचा अपमान केला होता, तेच शब्द हा माणूस स्वतःच्या रडगाण्यात गुंडाळून घेऊन आला होता. आणि वाक्यातली गंमत तेवढी मागे ठेवली होती, त्यांच्यासाठी.

दुसऱ्या दिवशी ती संकलनाच्या खोलीत जाऊन बसली. काही जुने भाग काढायला लावले. वांग्यांचा भाग. रेशनच्या रांगेचा. पोपटाचा. दरवेळी तेच. एकांबरमची वायफळ बडबड, आणि त्या बडबडीत अम्मांच्या पुढच्या वाक्यातले दोन किंवा तीन शब्द, भातात तुपाचा थेंब टाकावा तसे. विनोदाचा शब्द मात्र एकदाही नाही. एकदाही त्याने हसू स्वतःकडे घेतलेलं नाही. एका भागात तर अम्मा एका विषयावरून भलत्याच विषयावर गेल्या होत्या, आणि हा पठ्ठ्या कॉफीचा पेला हातात धरून तीन वाक्यांत त्यांना फिरवून मूळ जागी घेऊन आला होता. वाटेत सेटवरचे लोक दोनदा हसले होते. तिलकवतीने तो तुकडा पुन्हा लावला. पुन्हा लावला. संकलन करणारा म्हणाला, "अक्का, काही चुकलंय का?" तिने नुसती पुन्हा लावायची खूण केली. अंगावर काटा आला होता तिच्या. इतकी वर्षं ती शब्द मोजत होती, आणि तिच्या नाकासमोर शब्दांचं हे असलं काम चाललं होतं. पाण्यात बुडणाऱ्या माणसाला हात द्यायचा आणि काठावरच्यांना वाटलं पाहिजे की दोघं मजेत पोहतायत. हे रोज. तेही पहिल्या प्रयत्नात, कारण दुसरा घ्यावा लागला तर अम्मांना कळलं असतं.

दुपारी टपरीवर एकांबरम मेदूवडा खात बसला होता. ती त्याच्या शेजारी जाऊन बसली.

"अण्णा, कधीपासून?"

"वडा? आत्ता घेतला."

"थट्टा नको. मी सगळे भाग बघून आले."

एकांबरमचं चावणं थांबलं. त्याने इकडेतिकडे बघितलं. "कुणाला बोललीस?"

"नाही."

"मग बोलू नकोस. तुला वडपळणीच्या मुरुगनची शपथ." मग तो हळू आवाजात म्हणाला, "दोन वर्षं होत आली. आधी एखादा शब्द जायचा. म्हातारपणी जातो, माझाही जातो. आता पानंच्या पानं जातात. पण सुरुवात मिळाली ना, की बघ, गाडी रुळावर आल्यासारखी धावते. तो सूर, ते थांबणं, ते कुठे जात नाही. ते हाडात आहे."

"पण तुम्ही सांगत का नाही कुणाला?"

"सांगून? दुसऱ्या दिवशी पाच नंबरात नवी आजी. आणि अम्मा घरी. घरी आहे कोण त्यांना? एक पोपट होता, तो ऐकलेलं परत बोलायला लागला तेव्हा ‘मला ओळी सांगतोस काय’ म्हणून त्यांनी तो शेजाऱ्याला देऊन टाकला." त्याला हसू आलं, मग गेलं. "काम सुटलं की त्या वर्षभर टिकणार नाहीत, पोरी. मी त्यांना ओळखतो."

"लोक तुम्हाला नावं ठेवतात. मी ठेवली. मीच तक्रार केली होती तुमची."

"ठाऊक आहे. छान केलीस. याचा अर्थ तुलासुद्धा कळलं नव्हतं." हे म्हणताना तो खरोखरच खूश दिसत होता. "हे बघ, मी दुय्यम नट. माझं काम काय? समोरच्याचं वाक्य पडू द्यायचं नाही. एवढंच. मग ते विनोदाचं वाक्य असो नाहीतर विसरलेलं. पडलं तर माझं काम चुकलं. वडा खातेस?"

तिलकवतीने वडा घेतला. समोर बसलेल्या या मोठ्या कानांच्या माणसाच्या पाया पडावं, असं तिला वाटत होतं, आणि पडली असती तर त्याने त्याचाही विनोद केला असता.

पण चॅनेलमध्ये वरदन नावाचा नवा अधिकारी आला होता. पत्रांचा गठ्ठा त्याच्या टेबलावर गेला. त्याने नटेशनला बोलावून सांगितलं की हा चार नंबरचा म्हातारा जुनाट झालाय, अम्माच्या मध्ये मध्ये येतो, त्याच्या जागी कुणीतरी तरुण घ्या. नटेशनने कशीबशी मुदत मागून घेतली. तीनशेवा भाग मैलापूरच्या सभागृहात, प्रेक्षकांसमोर, रंगमंचावर नाटकासारखा करायचा ठरला होता. तो भाग बघतो आणि मग ठरवतो, असं वरदन म्हणाला.

तिलकवती एकांबरमकडे धावली. "आता तरी सांगू द्या, अण्णा! तुम्ही गेलात तर अम्मा एक भागसुद्धा काढणार नाहीत."

"मला काढलं तर मला दुसरं घर मिळेल. मद्रासमध्ये शेजाऱ्यांना मरण नाही," तो म्हणाला. "तू एक कर. मी गेल्यावर नातजावयाच्या तोंडी माझी बडबड लिहीत जा. कशी लिहायची ते मी शिकवतो." आणि त्याने खरंच शिकवलं, रोज दुपारी, टपरीवर. स्वतःच्या जागी दुसऱ्याला बसवायची शिकवणी इतक्या आनंदाने देणारा माणूस तिने तोवर पाहिला नव्हता.

मैलापूरचा हॉल भरून गेला. कापडाच्या पंख्यांनी वारा घेणाऱ्या मामी, कडक घडीची वेष्टी नेसलेले मामा, दारात उकडलेल्या चण्यांचं सुंडल विकणारा, मोगऱ्याचा वास. पडद्यामागे कापूर लावला, नारळ फोडला. पहिल्या रांगेत वरदन बसला होता. विंगेत तिलकवती संहिता हातात धरून उभी होती. त्या दिवशी तिच्यासमोर एक माइकही होता, पडदा पडल्यावर सूचना द्यायला.

पूर्वार्ध असा रंगला की छप्पर उडेल असं वाटलं. अम्मा जिवंत प्रेक्षक बघून वीस वर्षांनी तरुण झाल्या होत्या. एकांबरम त्यांना शब्द पुरवत होता, आणि हजार माणसांत एकालाही पत्ता नव्हता. तिलकवतीला पत्ता होता, म्हणून तिला दोन नाटकं एकदम दिसत होती, आणि दुसरं पहिल्याहून मोठं होतं.

उत्तरार्धात, आता पाच नंबरातच राहायला आलेले नात आणि नातजावई वेगळं घर मागतात. घर लहान पडतं म्हणून भांडतात. आणि आजी एका वाक्यात भांडण मिटवते. सगळा भाग त्या वाक्यावर उभा होता. भांडण झालं. सगळे अम्मांकडे वळले.

अम्मा उभ्या होत्या. परक्या गावी जाग आल्यावर माणूस क्षणभर छताकडे बघतो ना, तशा त्या समोर बघत होत्या.

"अम्मा, यांना खोल्या पाहिजेत म्हणे," एकांबरम म्हणाला. "आमच्या रेल्वेत एका डब्यात सत्तर माणसं मावायची, गप्प बसली तर."

काही नाही.

त्याने पंचा झटकला, दुसरीकडून आला. "घर मोठं कसं करायचं, ते गवंड्याला विचारावं की तुम्हाला?"

काही नाही. अम्मांचे ओठ हलले, आवाज आला नाही. हॉलमध्ये कुणी खोकलं. मग आणखी कुणी. पहिल्या रांगेत वरदन मान वाकडी करून बघू लागला. तिलकवतीने ओरडून ओळ सांगितली असती, पण मागचा प्रसंग तिला आठवत होता. आणि इथे तर हजार माणसं होती.

एकांबरम रंगमंचाच्या पुढच्या काठाशी आला. त्याने कपाळावर हात मारून घेतला.

"मंडळी, माफ करा," तो म्हणाला. "मी ओळ विसरलो."

मग मागून कुणीतरी हसलं. मग सगळे.

"अम्मा बिचाऱ्या माझ्यासाठी खोळंबल्यात. मी बोलल्याशिवाय त्या बोलणार कशा? चाळीस वर्षं झाली नाटकात, पण डोक्याचं खोबरं झालं."

"घरी बस, म्हाताऱ्या!" कुणीतरी ओरडलं. शिट्टी वाजली.

"बसतो ना बाबा. एवढं संपवून बसतो." तो विंगेकडे वळला. "अगं तिलकम, वाच बाई जरा. माझी वाच, अम्मांची पण वाच, म्हणजे मला धागा लागेल. आणि मोठ्यानं वाच. कान नुसते दिसायला मोठे आहेत."

तिलकवतीला कळलं. तिने माइक ओढला आणि अख्खं पान वाचलं. सांबशिवमचं वाक्य, मग अम्माचं, मग पुन्हा सांबशिवमचं. वाचताना तिचा आवाज कापत होता, आणि लोकांना वाटलं ती हसू दाबतेय. ज्याने जन्मात कधी दुसऱ्याचं एक वाक्य पडू दिलं नव्हतं, तो हजार माणसांसमोर हात जोडून, मान खाली घालून, ओळ विसरलेला नट म्हणून उभा होता. नटाला याहून मोठी नामुष्की नाही. ती त्याने पंच्यासारखी खांद्यावर टाकली.

अम्मा कंबरेवर हात ठेवून त्याच्याकडे वळल्या. "इतकी वर्षं माझ्या घरचा कढीपत्ता नेलास," त्या म्हणाल्या, "आणि साधी ओळ पाठ होत नाही तुला?"

हॉल फुटला. हे कुठेच लिहिलेलं नव्हतं. एकांबरम हलला नाही. हसू चढलं, टिकलं, उतरायला लागलं, आणि नेमकं त्या घडीला त्याने अपराध्यासारखा एक डोळा वर केला. हसू पुन्हा चढलं. मग अम्मा नातजावयाकडे वळल्या आणि शांतपणे म्हणाल्या, "घर मोठं करायला खोल्या लागत नाहीत, बाबांनो. दोन माणसं गप्प बसली की घर आपोआप मोठं होतं."

टाळ्या थांबेनात. त्या टाळ्यांतच नटेशन विंगेत आला, चेहरा पडलेला. "वरदन म्हणतोय, झालं समाधान? म्हातारा ओळीसुद्धा विसरतो. पुढच्या गुरुवारपासून नको." तिलकवतीला शपथ होती.

पडदा पडला, पुन्हा उघडला. मद्रासच्या सभागृहांत रीत अशी, की नाटक संपल्यावर मंडळीतलं सगळ्यांत वडील माणूस एकेका कलावंताला पुढे आणून त्याचं नाव लोकांना सांगतं. अम्मांनी नातीला पुढे आणलं, नातजावयाला आणलं. दूधवाला झालेल्या नटाच्या नावाशी अडखळल्या, तर त्याच्या गालावर चापट मारून "हे माझं सोन्यासारखं पोर" म्हणून वेळ मारून नेली. कुणाला काही कळलं नाही. शेवटी त्यांनी एकांबरमचं मनगट धरलं आणि त्याला माइकपाशी ओढलं.

"आणि हा," अम्मा म्हणाल्या. आणि थांबल्या.

"सांबशिवम!" हॉल ओरडला. "सांबशिवम! विसराळू सांबशिवम!"

अम्मांनी नुसती मान डोलवली असती तरी भागलं असतं. त्यांनी हात वर करून लोकांना गप्प केलं.

"ते ह्याचं सोंग," त्या म्हणाल्या. "मी ह्याचं नाव सांगणार आहे. आज ओळ हा विसरला नाही. मी विसरले."

कुणीतरी हसलं, पण एकटंच.

"खरं सांगते. दोन वर्षं झाली, मी विसरतेय. आणि हा माझी वाक्यं स्वतःच्या तोंडात लपवून आणून देतोय मला. ह्याला वाटतं मला कळत नाही. अरे, साठ वर्षं या धंद्यात आहे मी! पण मला लाज वाटायची, म्हणून मी न कळल्याचं सोंग घेतलं. लोक ह्याला नावं ठेवत होते, तीही मी ऐकून घेतली."

"अम्मा, राहू द्या," एकांबरम पुटपुटला. माइकमधून सगळ्यांना ऐकू आलं. "सांबशिवम चालेल, अम्मा. खरंच चालेल."

"तू गप्प बस. तुझं काम झालं." अम्मांनी त्याचं मनगट सोडलं नाही. त्यांचे डोळे भरले होते. "आत्तासुद्धा ह्याचं नाव माझ्या जिभेवर येत नाहीये. रोज बघते ह्याला, आणि येत नाहीये." मग त्या विंगेकडे वळल्या. "ए पोरी. मागच्या वेळी बोलले ते विसर. मला ओळ दे."

तिलकवतीने कागदाकडे बघितलं. कागदावर नुसतं सांबशिवम लिहिलेलं होतं. तिने तो खाली ठेवला.

"एकांबरम," ती म्हणाली.

"ऐकू आलं नाही."

"एकांबरम, अम्मा!"

अम्मांनी पदर सावरला, लोकांकडे तोंड केलं आणि कंपनीत ज्या आवाजात त्या राजांची नावं घ्यायच्या, त्या आवाजात ते नाव घेतलं. शेवटच्या रांगेतल्या मामींपर्यंत पोचलं ते. मग त्या एक पाऊल मागे सरल्या आणि एकांबरमकडे बघत, पापणी न हलवता, ऐकायला उभ्या राहिल्या. आता वाक्य त्याचं होतं, आणि त्याला काही सुचेना.